सगळ्यांना एकच ग्लास

परभ्या,

तुझी तेरवी नीट पार पडली. तुला वडे जरा जास्त तळलेले लागायचे, हे तुझ्या शोभाला रडता रडताही आठवलं आणि तिनं तुझ्या पानावरचे वडे परत कढईत सोडले. आता पाहुणे पांगलेत. शोभा दुपारची जराशी पडली आहे. मी तुझ्या ओसरीवर बसून तुझ्याशी बोलते आहे. बोलण्यासारखं पुष्कळ आहे, पण मनात पहिल्यांदा येतंय ते आपलं भांडणच. माझ्या पल्लवीच्या रिसेप्शनचं. ग्लासांचं, आणि तू स्वतःच्या हातानं जावयाला दिलेल्या त्या एका ग्लासाचं.

ते भांडण तुझ्या दहाव्याला मिटलं. मिटलं तेव्हा तू नव्हतास, म्हणून तुला सांगावं लागतंय. पुरुष मंडळी वैनगंगेच्या पाण्याजवळ होती, मी वर सावलीत बसले होते. जावई निखिल चढण चढून वर आला, माझ्याजवळ मातीतच बसला आणि म्हणाला, "आई, मामांनी मला त्या दिवशी दारू दिली नव्हती."

मग त्यानं सगळं सांगितलं. तुझ्यासारखा आपला जावईही दारू सोडलेला माणूस आहे, लग्नाच्या आधीपासून, हे मला तेव्हा कळलं. पल्लवीला माहीत होतं. तुला माहीत होतं. मलाच तेवढं माहीत नव्हतं.

त्या दिवसापासून मी ते रिसेप्शन मनात पुन्हा पहिल्यापासून लावून बघते आहे. तूही ऐक.

नागपूरच्या इवायांनी, निखिलच्या वडिलांनी, लग्नात फार काही मागितलं नव्हतं. रिसेप्शनला पिण्याची चांगली सोय असावी एवढीच त्यांची इच्छा होती. ह्यांना तर तेवढं निमित्तच हवं होतं. राजुऱ्याचे खाणीतले सगळे मित्र येणार, मग कोरडं रिसेप्शन कसं करायचं, असं ह्यांचं म्हणणं. चंद्रपूरचा लॉन ठरला, एका दिवसाचा परवानाही ह्यांनी काढला. आता ग्लास कोणते आणि काउंटरवर माणसं कोणती, एवढंच उरलं. आणि साऱ्या नात्यागोत्यात त्या कामाची माहिती असलेला माणूस एकच होता. तू.

तुला सांगू का, ह्यांनी तुझं नाव घेतलं तेव्हा मी विषयच बदलला. आपल्या सावली गावाहून तू चंद्रपूरला गेलास, बारमध्ये वेटर लागलास, आणि दुसऱ्यांना देता देता स्वतःच कधी घ्यायला लागलास ते आमच्या लक्षातच आलं नाही. त्या वर्षांची मी तुला आठवण करून देणार नाही. सुटली कशी तेही तू कधी सांगितलं नाहीस. आम्हीही विचारलं नाही, विचारलं तर परत लागेल अशी धास्ती. सुटल्यावर तू नदी ओलांडून गडचिरोलीला गेलास आणि नाश्त्याचं दुकान टाकलंस. तो जिल्हा दारूबंदीचा म्हणून गेलास असं सगळे समजायचे. मी एकदा तसं म्हटलं तर तू हसलास. "इथीबी भेटते बाई. पण इथी लपून मागा लागते, अन् लपून मागाची मले लाज वाटते. तेवढी लाज पुरते मले." तुझ्याकडच्या आलूबोंड्याला जी चव होती ती अजून कुठं सापडलेली नाही, हेही सांगायचं राहिलं होतं.

तर अशा माणसाला मुलीच्या रिसेप्शनचा बार सांभाळायला सांगायचं? मी फोनवर आडवळणानं विचारलं. तू सरळ म्हणालास, "करतो ना." मग न राहवून मीच विचारलं, "तुले काही होणार नाई ना गा?"

तू म्हणालास, "होईल. म्हणून मी शंकरले बाजूले उभा करून राह्यलो."

काही होणार नाही असं म्हणाला असतास तर मी नक्की नको म्हटलं असतं. होईल म्हणालास, म्हणून मला धीर आला. हे विचित्र आहे, पण तसंच झालं.

शंकर म्हणजे त्या जुन्या बारमधला तुझा जोडीदार. आमच्या जिल्ह्यात दारूबंदी आली तेव्हा बार बंद पडला आणि त्याच्यासारखे सगळे एका दिवसात घरी बसले. शंकर तेलंगणात जाऊन कुठल्याशा हॉटेलात राबला, परत येऊन भाजी विकली. बंदी उठली, बार उघडले, पण मालकांनी नवी तरुण पोरं घेतली. या जुन्या माणसांना कुणी बोलावलं नाही. इवायांच्या मनात वेगळंच होतं. नागपूरची एक पार्टी त्यांनी बघून ठेवली होती, तिची पोरं बाटल्या हवेत उडवून झेलतात, काउंटरवर जाळ करतात. त्यांनी ह्यांच्या मोबाईलवर व्हिडिओही पाठवला होता. तू तो व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिलास, पोरांचं कौतुकही केलंस. मग म्हणालास, "तमाशा पाहाले गर्दी होते. जो नाई पिऊन राह्यला तोबी काउंटरले येऊन उभा राहते. मले गर्दी नाई पायजे, मले रांग पायजे." इवायांना तुझं पटलं नाही, पण त्या लॉनच्या मालकानं गवतावर जाळ करायला मनाई केली आणि प्रश्न सुटला. शंकर आणि त्याच्यासारखे अजून दोघे आले. शंकरच्या बायकोनं तिघांचे पांढरे शर्ट कांजी करून कडक इस्त्री करून दिले होते. शंकर लॉनवर आला तो नवरदेवापेक्षा ताठ चालत आला.

ग्लासांसाठी मात्र मी स्वतः तुझ्याबरोबर आले होते, आठवतं ना? मांडव-भांडी भाड्यानं देणाऱ्या चंद्रपूरच्या त्या बिछायत केंद्राच्या मागच्या खोलीत, पत्र्याखाली, एप्रिलच्या उन्हात. जिकडेतिकडे ग्लासांचे क्रेट. तू एकेक ग्लास काढून उजेडाकडे धरायचास, कडेवरून अंगठा फिरवायचास, वास घ्यायचास आणि वास आला की परत ठेवून द्यायचास. दुकानदार वैतागला होता. मला मात्र खूप छान वाटत होतं. पुष्कळ वर्षांनी तू असं काही मनापासून निवडताना मी बघत होते.

इवायांनी सांगून ठेवलं होतं की व्हिस्कीसाठी जाड बुडाचे बुटके ग्लास, बीअरला मग, आणि बायकामुलांच्या सरबतासाठी उंच देठाचे नाजूक ग्लास, वरून लिंबाची चकती आणि कागदाची छोटी छत्री. मला तर त्या देठाच्या ग्लासांनी वेडच लावलं. आपल्या सावलीच्या घरात स्टीलचे पेले, ते पण पाहुणे आले की शेजारून मागून आणायचे. पल्लवीच्या लग्नात माझ्या जावा आणि नणंदा असे ग्लास हातात धरून हिंडताहेत, हे चित्र मी डोळ्यांसमोर पक्कं केलं होतं. तू म्हणालास, "गवतावर कलंडतील बाई." पण माझा चेहरा पाहून कबूलही झालास. सगळ्या प्रकारचे ग्लास सांगून आपण परत आलो. वाटेत मला उसाचा रस पाजलास.

आणि मग रिसेप्शनच्या आदल्या दिवशी तू माझ्या स्वयंपाकघरात येऊन सांगितलंस की देठाचे ग्लास रद्द केले. बीअरचे मगही रद्द केले. आता सगळ्यांना एकच ग्लास, तोच जाड बुडाचा साधा. पाणी त्याच्यात, सरबत त्याच्यात, दारूही त्याच्यातच. छत्री नाही, चकती नाही, ट्रे घेऊन पाहुण्यांत फिरणं नाही. ज्याला हवं त्यानं काउंटरवर येऊन मागायचं.

मी पिठाच्या हातानं तुझ्यावर ओरडले. लग्नघर भरलेलं, आणि तू मला न विचारता बदललंस. इवाई काय म्हणतील? दारूच्या ग्लासात माझ्या सासूबाईंनी सरबत प्यायचं? तू ऐकून घेतलंस. मग म्हणालास, "वं बाई, छत्रीवाला ग्लास हातात असला का चार जण विचारतात, काऊन गा, घेत नाई का? मंग त्याले कारण सांगा लागते. कारण सांगता सांगता माणूस घेऊन टाकते. माह्यासंग किती लग्नात झालं हे. ग्लास सारखा असला का कोणी कोणाले विचारतच नाई."

"मंग हे त्या दुकानात काऊन नाई सांगितलं?" मी विचारलं.

गॅसवर पातेलं चढवलंस, आलं ठेचलंस, गूळ टाकलास. दुपारभर उकळून, गाळून तू ते गूळ-आल्याचं पाणी केलंस, आणि त्यात लिंबू पिळून सोडा ओतला की रंग हुबेहूब व्हिस्कीचा यायचा. मी रागातच चव घेतली. घशाला असं झणझणीत लागलं की डोळ्यांत पाणी आलं. तू म्हणालास, "जमलं म्हणजे."

आता निखिलकडून कळलं की त्याच सकाळी तो लॉनवर आला होता. सामान उतरत होतं. तू म्हणे लांबून त्याला बघत होतास. तो सगळ्यांशी हसून बोलत होता, पण बाटल्यांच्या खोक्यांकडे त्यानं एकदाही पाहिलं नाही, आणि त्यांच्या बाजूनं जायची वेळ आली तर वळसा घालून गेला. तू त्याला चहाला म्हणून बाहेर नेलंस आणि चहा येण्याआधीच विचारलंस, "जावईबापू, सोडून किती दिवस झाले?"

निखिल म्हणाला, "आई, माझ्या घरच्यांनी मला कधी हा प्रश्न विचारला नव्हता. बाबांना तर मी कामाच्या ताणामुळं बंद केली असंच वाटतं. म्हणूनच तर त्यांनी एवढा मोठा बार मागितला. माझे मित्र स्टेजवरून उचलून नेणार हे मला माहीत होतं. मी दोन आठवडे झोपलो नव्हतो."

तू त्याला एवढंच विचारलंस, की पल्लवीले माहीत हाय का. तो हो म्हणाला. तू म्हणालास, "मंग झालं. बाकी माह्यावर सोडा." आणि तिथून थेट बिछायत केंद्रावर गेलास.

रिसेप्शनची संध्याकाळ मी विसरूच शकत नाही. ऊन उतरलं तरी जमीन तापलेली होती. कूलर गरम वारा फेकत होते, बर्फाचं बघता बघता पाणी होत होतं. ह्यांच्याकडचे गडचिरोलीचे पाहुणे उजेड असतानाच येऊन काउंटरजवळच्या खुर्च्या धरून बसले होते, आणि शंकर त्यांना मोठ्या गंभीरपणानं सांगत होता की नवरदेव आल्याशिवाय बाटली उघडत नसतात. असा काही नियम नव्हता, तो त्यानं तिथंच काढला. माझ्या सासूबाई जाड बुडाचा ग्लास हातात धरून सरबत पीत बसल्या होत्या आणि इवायांच्या घरची एक बाई त्यांच्याकडे चकित होऊन बघत होती. ते पाहून मला हसू आलं आणि माझा अर्धा राग तिथंच गेला.

तू काउंटरमागे उभा होतास. शंकर बाटल्यांना हात लावत होता, तू नाही. तू बर्फ टाकत होतास, सोडा ओतत होतास, ग्लास पुसत होतास. मी बायकांना हळदकुंकू देता देता दर थोड्या वेळानं मान वर करून तुला बघत होते. तुला ते माहीत होतं. एकदा तू माझ्याकडे बघून रिकामा हात वर केलास, काही नाही अशा अर्थानं.

आणि मग तो प्रकार झाला. निखिलच्या मित्रांनी त्याला खरंच स्टेजवरून खाली आणलं. खांद्यावर हात टाकून, गाणं म्हणत, थेट काउंटरवर. आज तर एक घ्यावाच लागेल असं त्यांचं चाललेलं. मी लांब होते, पण दिसत होतं. तू मित्रांना हसून काहीतरी म्हणालास. खाली वाकलास, ग्लास भरून वर आणलास, त्यात बर्फ टाकलास आणि दोन्ही हातांनी जावयाच्या हातात दिलास. रंग मला लांबूनही दिसला. निखिलनं घोट घेतला. मित्रांनी टाळ्या वाजवल्या.

बाकी कुणीही दिला असता तर मी समजून घेतलं असतं. पण तू? ज्याच्या दारूपायी आपली आई रात्र रात्र दारात बसून राहिली, तो तू, माझ्या मुलीच्या नवऱ्याला लग्नाच्या दिवशी स्वतःच्या हातानं देतोस?

दुसऱ्या दिवशी पाठवणी झाल्यावर मी तुला कोपऱ्यात घेतलं आणि विचारलं, "तू देल्ला का त्याले?"

"हो," तू म्हणालास. "मीच देल्ला."

बस. तेवढंच. मी तोंडाला आलं ते बोलले आणि तू उभा राहून ऐकलंस. भाऊबीजेला आलास तेव्हा मी ओवाळताना परत टोमणा मारला. तू ताटात ओवाळणी टाकलीस आणि विचारलंस, करंज्या कुठी हाय.

आता मला कळतं की तू खोटं बोलला नव्हतास. ग्लास तूच दिला होतास. त्यात काय होतं ते मी विचारलंच नव्हतं.

निखिल नदीवर म्हणाला, "पहिला घोट घेतला आणि मामांकडे पाहिलं. ते माझ्याकडे बघतच नव्हते. ते पुढच्या माणसाला विचारत होते, तुमाले काय देऊ म्हणून. मी त्यानंतर चार वेळा जाऊन तेच प्यालो. माझे मित्र अजून सांगतात, निखिल त्या दिवशी जाम प्याला होता."

हे सांगताना तो हसत होता आणि रडतही होता. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. शेवटी मी म्हटलं, "मले सांगाले पायजे होतं त्यानं."

निखिल म्हणाला, "मी एकदा म्हटलं होतं त्यांना, आईंना सांगून टाकू का, तुमच्यावर चिडल्यात. तर म्हणाले, तुमचं तुम्हाले सांगावसं वाटंल तेव्हा सांगजा. माह्यापायी नका सांगू. बाई माह्यावर चिडते तर चिडू द्या, तिले सवय हाय."

तर परभ्या, भांडण मिटलं म्हटलं तरी थोडं बाकी आहेच. मी पल्लवीची आई आहे. मला कळायला हवं होतं, असं मला अजून वाटतं. तू असतास तर म्हणाला असतास की बाई, कळलं असतं तर तू त्याच्याकडे रोज त्याच नजरेनं पाहिलं असतंस, जशी माह्याकडं पाहत होतीस. आणि त्यावर मला बोलता आलं नसतं, कारण त्या दिवशी लॉनवरही मी तुझ्याकडे तशीच बघत होते. पण मी गप्प बसले नसते, हे तुलाही माहीत आहे. आपण दोघं बरोबर असू शकतो. तू वर जाऊन विचार कर त्याचा, मी इथं करते.

आता जे बोलायचं होतं ते बोलते. तू स्वतःला सावरलंस ते आम्हाला दिसत होतं. पण तू आणखी एकाला सावरत होतास, माझ्याच घरातल्या, आणि त्यापायी माझे बोल खाल्लेस. माझ्या मुलीचा संसार ज्या दिवशी सुरू झाला, त्या दिवशी तिथं तू उभा होतास. दुसरं कुणी असतं तर नाजूक ग्लास आले असते, पोरांनी बाटल्या उडवल्या असत्या, फोटो सुंदर आले असते. तू होतास, हे माझं नशीब. तुझ्यासारखा भाऊ असणं अवघड होतं, हे मी सगळ्यांना सांगत आले. मोठं भाग्याचंही होतं, हे तुला एकदाही सांगितलं नाही.

शोभा उठली वाटतं, आतून भांड्यांचा आवाज येतोय. जायच्या आधी एक गोष्ट. लग्नाच्या सकाळची.

तू मामा म्हणून पल्लवीला आतल्या खोलीतून अंतरपाटापर्यंत आणलंस. मंगलाष्टकं झाली, अक्षता पडल्या, आणि तू गर्दीतून मागे येऊन माझ्याशेजारी उभा राहिलास. फेटा कपाळावर उतरला होता, घामानं निथळत होतास. हळूच म्हणालास, "बाई, पोरीले मी धरून आणलं का पोरीनं मले, काही समजलं नाई." मी उत्तर देणार तेवढ्यात कुणीतरी ओटीच्या ताटासाठी मला हाक मारली आणि मी गेले. नंतर ते राहूनच गेलं.

मी मागून बघत होते, परभ्या. तिनं धरलं होतं तुला. हिरव्या बांगड्या तुझ्या मनगटात रुतल्या होत्या इतकं घट्ट. आणि तू सरळ चालत होतास.